चिठ्ठ्या घेऊन बुधवार पेठेत

मंडळी, साहित्याचा इतिहास पोरांच्या गळी उतरवायचा तर व्याख्यान नको, कोडी द्यावीत! भाचरांसाठी मी तीन चिठ्ठ्या केल्या. उत्तर सापडलं की पुढची चिठ्ठी उघडायची.

पहिली: लोकहितवादींच्या पुढाकाराने १८४८ साली निघालेलं वाचनालय कोणतं? लक्ष्मी रोडवर पुणे नगर वाचन मंदिराची पाटी लगेच सापडली.

दुसरी: त्याच साली, जवळच, मुलींसाठी काय सुरू झालं? फुले दांपत्याची शाळा, दगडूशेठ गणपतीसमोरच्या भिडे वाड्यात. पण स्मारकासाठी तो वाडा डिसेंबर २०२३ मध्ये पाडला. "उत्तरच गायब की!" इति धाकटी.

तिसरी: त्या शाळेतल्या शिक्षिकेचा १८५४ सालचा कवितासंग्रह? इथे सगळे अडले. सावित्रीबाई शिक्षिका म्हणून पाठ, कवयित्री म्हणून कुणाच्या डोक्यातच नाहीत! 'काव्यफुले' हे नाव मलाच सांगावं लागलं.

साहित्याचा इतिहास आपण लेखकांच्या घरांवरून सांगतो. मला वाटतं, तो कुणाला वाचायला शिकवलं, तिथून सुरू होतो. वाचनालय ते शाळा, अंतर काही मिनिटांचं; पण मुलींना ते किती लांब होतं!

वाडा गेला, म्हणूनच दुसरी चिठ्ठी मी बदलणार नाही.