कर्टिस हॅरिंग्टन आणि हरवलेला भयपट

गेल्या श्रावणात आमच्याकडे दोन दिवस वीज येऊन-जाऊन होती. नातू सुट्टीला आलेला. त्याच्या लॅपटॉपची बॅटरी भरलेली होती आणि त्यात एक जुना इंग्रजी चित्रपट होता. "आजोबा, भुताटकीचा आहे, चालेल ना?" असे त्याने विचारले. बाहेर धो धो पाऊस, घरात मेणबत्ती, आणि अशा वेळी नको कोण म्हणणार? म्हटले, लाव.

चित्रपट १९३२ सालचा, 'द ओल्ड डार्क हाऊस'. वेल्समधल्या डोंगराळ भागात वादळात अडकलेले काही प्रवासी एका जुनाट घरात आसरा घेतात. घरात एक विक्षिप्त भाऊ, त्याची बहिरी आणि कमालीची धर्मवेडी बहीण, एक दांडगा मुका नोकर (हा बोरिस कार्लॉफ, फ्रँकेन्स्टाइनचा राक्षस झालेला), वरच्या मजल्यावर अंथरुणाला खिळलेले एकशे दोन वर्षांचे वडील, आणि त्याहून वर कुलूपबंद खोलीत आणखी कोणीतरी. खरे सांगायचे तर घरात भूत नाहीच. पण भीती वाटते, आणि मध्येच हसूही येते. ते एकशे दोन वर्षांचे म्हातारबाबा म्हणजे प्रत्यक्षात एल्स्पेथ डजन नावाच्या बाई आहेत आणि श्रेयनामावलीत त्यांचे नाव 'जॉन' असे पुरुषी करून टाकले आहे, हे मला नातवाने नंतर सांगितले. मला तर शेवटपर्यंत पत्ता लागला नव्हता.

चित्रपट संपल्यावर तो म्हणाला, "हा पिक्चर मध्ये काही वर्षे हरवला होता. दुसऱ्याच एका दिग्दर्शकाने शोधून काढला." इतिहास शिकवण्यात माझी हयात गेली. हरवलेली वस्तू आणि ती शोधणारा माणूस असे दोन शब्द कानावर पडले की मला गप्प बसवत नाही. पुढचे दोन महिने मी त्या माणसामागे होतो. त्याचे नाव कर्टिस हॅरिंग्टन.

हॅरिंग्टनचा जन्म लॉस एंजेलिसमध्ये १९२६ साली झाला. लहानपणाचा बराच काळ कॅलिफोर्नियातल्याच बोमाँट या लहान गावात गेला. या मुलाला एडगर ॲलन पोच्या कथांनी झपाटले. १९४२ च्या सुमारास, म्हणजे आपल्याकडे 'चले जाव'ची धामधूम चालू होती त्या काळात, या पंधरा-सोळा वर्षांच्या पोराने घरगुती आठ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यावर पोच्या 'फॉल ऑफ द हाऊस ऑफ अशर' या कथेवर चित्रपट काढला. कथेतला आजारी, हळवा भाऊ रॉडरिक आणि त्याची बहीण मॅडलिन ही दोन्ही पात्रे त्याने स्वतःच केली. आमच्या स्नेहसंमेलनात मुलगे स्त्रीपार्ट करायला लाजायचे, त्यांची मनधरणी करता करता माझ्या नाकी नऊ यायचे. हा गडी भाऊही झाला आणि बहीणही!

पुढे त्याने 'फ्रॅग्मेंट ऑफ सीकिंग' (१९४६), 'पिकनिक' (१९४८), 'ऑन द एज' (१९४९) असे छोटे प्रायोगिक चित्रपट केले. स्टुडिओ नाही, पगारी माणसे नाहीत, विकायची घाई नाही. अमेरिकेत अशा पदरमोड करून चित्रपट काढणाऱ्यांची तेव्हा एक छोटी मंडळी होती, केनेथ अँगर त्यातलाच. अँगरच्या १९५४ च्या एका चित्रपटात हॅरिंग्टनने झोपेत चालणाऱ्या सेझारेची भूमिका केली आहे. हा सेझारे मुळात १९२० च्या 'डॉक्टर कॅलिगारी' या जर्मन भयपटातला. म्हणजे नाटकातल्या माणसाने गंमत म्हणून जुन्या नाटकातले पात्र होऊन यावे, तसे.

'द वर्मवुड स्टार' ही त्याची आणखी एक छोटी फिल्म १९५० च्या दशकाच्या मध्यावरची. कॅमेरॉन नावाच्या एका चित्रकर्तीवर आणि तिच्या चित्रांवर ती आहे. त्यातली बरीच चित्रे पुढे नष्ट झाली. आज ती पाहायची तर या फिल्ममध्येच पाहावी लागतात. हे इथे सांगून ठेवतो.

दुसऱ्या बाजूने हा माणूस अभ्यासक होता. विशीत असतानाच त्याने जोसेफ फॉन स्टर्नबर्ग या दिग्दर्शकाच्या चित्रपटांची सूची तयार केली. १९५२ मध्ये भुताखेतांच्या आणि अलौकिक विषयांच्या चित्रपटांचा आढावा घेणारा लेख लिहिला. त्या काळी भयपट म्हणजे पोरासोरांची आणि रिकामटेकड्यांची करमणूक असे शहाणी माणसे धरून चालत. त्यांच्याकडे गंभीरपणे पाहणे, कोणी काय केले आणि कसे केले याची नोंद ठेवणे, हे काम तेव्हा फार थोडे लोक करत होते.

इथे मला माझ्या एका पापाची कबुली दिली पाहिजे. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. नववीच्या वर्गात एक मुलगा भूगोलाच्या पुस्तकाआड नारायण धारपांची कादंबरी वाचताना मला सापडला. मी ती काढून घेतली. "असली भुताखेतांची पुस्तके वाचून डोके बिघडते" असे चार शब्द सुनावले आणि पुस्तक शिक्षकखोलीतल्या माझ्या कपाटात ठेवून दिले. संध्याकाळी मात्र पिशवीत घालून घरी नेले आणि रात्री दोनपर्यंत वाचले. दिवा बंद करायचे धाडस झाले नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा कपाटात! वार्षिक परीक्षा संपल्यावर मुलाला परत दिले, तेव्हा तो रडवेला होऊन म्हणाला, "सर, ते वाचनालयाचं होतं." रोजच्या भाड्याने आणलेले पुस्तक. तीन महिन्यांचे भाडे त्या पोराने खाऊच्या पैशातून थोडे थोडे करून भरले होते आणि घरी एका शब्दाने सांगितले नव्हते. मी त्याला पैसे देऊ केले, त्याने घेतले नाहीत. असो.

पोट भरण्यासाठी हॅरिंग्टनने जेरी वॉल्ड या मोठ्या निर्मात्याकडे साहाय्यकाची नोकरी धरली. ती करता करताच १९६० मध्ये त्याने 'नाइट टाइड' हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट अगदी तुटपुंज्या पैशांत चित्रित केला. समुद्रकिनाऱ्यावरच्या जत्रेत एक मुलगी जलपरी बनून पाण्याच्या टाकीत बसते आणि लोक तिकीट काढून तिला पाहतात. एक साधाभोळा खलाशी (तरुण डेनिस हॉपर) तिच्या प्रेमात पडतो. तिचे आधीचे दोन मित्र बुडून मेलेले. ती स्वतःही मनोमन असे धरून बसली आहे की आपण माणसातल्या नाही, समुद्रातल्या आहोत. चित्रपट अखेरपर्यंत धड हो म्हणत नाही, धड नाही म्हणत नाही. वॅल ल्यूटन या निर्मात्याने १९४२ च्या 'कॅट पीपल'मध्ये भीती दाखवण्यापेक्षा सुचवण्यावर भर दिला होता, तीच वाट हॅरिंग्टनने धरलेली स्पष्ट दिसते. एरवी विद्वानांनी चित्रपट काढला तर तो जांभई आणतो. इथे तसे होत नाही. मला विचाराल तर हाच त्याचा सर्वांत चांगला चित्रपट. महोत्सवांतून १९६१ मध्ये दाखवला गेला, पण रीतसर प्रदर्शित व्हायला १९६३ उजाडले.

त्यानंतर मोठ्या आणि मध्यम कंपन्यांची कामे मिळू लागली, पण कशी? रशियन लोकांनी खर्च करून काढलेल्या अंतराळपटांतली दृश्ये विकत घेतलेली असायची, त्यांना जोडून अमेरिकन नटांची नवी दृश्ये घ्यायची आणि नवा चित्रपट म्हणून विकायचा. जुन्या लुगड्याचा काठ काढून नव्या साडीला लावावा, तसे. अशा एका चित्रपटाला तर हॅरिंग्टनने स्वतःचे नावही लावले नाही. पण १९६६ चा 'क्वीन ऑफ ब्लड' त्याने याच युक्तीने केला, आणि त्यातली हिरवट कांतीची, एक शब्दही न बोलता माणसांचे रक्त पिणारी परग्रहावरची राणी मात्र पूर्णपणे त्याची आहे.

१९६७ मध्ये युनिव्हर्सल स्टुडिओसाठी त्याने 'गेम्स' केला. त्यात त्याला मार्लीन डीट्रिश हवी होती. ज्या स्टर्नबर्गची सूची त्याने तरुणपणी केली होती, त्याचीच ती नायिका. स्टुडिओने नकार दिला आणि सिमोन सिन्योरे आली. चित्रपट बरा झाला. पण त्या काळात युनिव्हर्सलच्या आवारात त्याची ऊठबस होती, ही गोष्ट मला 'गेम्स'पेक्षा महत्त्वाची वाटते.

कारण 'द ओल्ड डार्क हाऊस' हा युनिव्हर्सलचाच. त्याचा दिग्दर्शक जेम्स व्हेल इंग्लंडमधल्या डडली गावच्या कामगारवस्तीतून आलेला, पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या कैदेत राहिलेला. 'फ्रँकेन्स्टाइन' (१९३१), 'द इन्व्हिजिबल मॅन' (१९३३), 'ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन' (१९३५) हे सगळे त्याचे. पुढे हॉलिवूडने त्याला विसरून टाकले. विस्मरणातल्या या व्हेलशी हॅरिंग्टनची ओळख आणि मैत्री होती. १९५७ मध्ये व्हेलने घरच्या पोहण्याच्या तलावात जीव दिला.

चित्रपट जे. बी. प्रीस्टलीच्या कादंबरीवर बेतलेला. त्या कादंबरीचे हक्क युनिव्हर्सलच्या हातून गेले आणि १९६३ मध्ये दुसऱ्या कंपनीने त्याच नावाचा नवा चित्रपट काढला. मग जुन्याची गरज कोणाला? ज्याच्यातून पैसा मिळणार नाही तो डबा कंपनीने जपावाच का? त्यात १९५० च्या आसपासपर्यंतच्या बऱ्याच फिल्मा नायट्रेटच्या. त्या पेट घेतात, नाही पेटल्या तर सडून चिकट होतात आणि शेवटी त्यांची पूड होते. आपल्याला हे दुःख परके नाही. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची एवढीच रिळे आज आहेत, 'आलम आरा' तर गेलाच. पी. के. नायरांसारखा माणूस १९६५ पासून पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात नसता, तर आणखी किती गेले असते कोण जाणे. त्याच पुण्यात २००३ साली नायट्रेटच्या रिळांना आग लागली होती.

हॅरिंग्टनने स्टुडिओच्या लोकांमागे लकडा लावला. कोठारात पुन्हा शोधा, आणखी एकदा शोधा. अखेर १९६८ मध्ये चित्रपट सापडला. पहिल्या रिळाची अवस्था वाईट होती. आता नवी निगेटिव्ह करायची तर पैसे कोण देणार? हक्कच हातात नसलेल्या चित्रपटावर स्टुडिओ खर्च करायला तयार नव्हता. हॅरिंग्टनने न्यूयॉर्क राज्यातल्या रॉचेस्टरच्या जॉर्ज ईस्टमन हाऊस या संग्रहालयाला गळ घातली, त्यांनी खर्च उचलला आणि चित्रपट वाचला. २०१७ मध्ये त्याची आणखी स्वच्छ प्रत निघाली. आमच्या मेणबत्तीच्या उजेडात आम्ही पाहिली ती बहुधा तीच.

यात हॅरिंग्टनला काय मिळाले? पैसा नाही. त्याचे नावही चित्रपटात कुठे नाही. मित्र वारला होता, त्यामुळे शाबासकीसुद्धा नाही.

पुढची कारकीर्द भराभर सांगतो. 'व्हॉट्स द मॅटर विथ हेलन?' (१९७१) चांगला आहे, डेबी रेनॉल्ड्स आणि शेली विंटर्स या दोघींनी त्यात कमाल केली आहे. 'द किलिंग काइंड' (१९७३) धाडसी, पण पाहून जिवाला त्रास होतो. १९७७ च्या 'रूबी'त त्याच्या हातातले काम काढून त्यावर फेरफार झाले, ते त्याला फार लागले. मग दूरचित्रवाणी. सैतानी कुत्र्याचा एक चित्रपट, 'चार्लीज एंजल्स'चे, 'डायनेस्टी'चे भाग. 'डायनेस्टी'चे भाग दिग्दर्शित करणाऱ्या या माणसाने कधीकाळी पोच्या कथेसाठी बहिणीचे सोंग घेतले होते, हे त्या सेटवर कोणाला ठाऊक असेल? मोठा चित्रपट १९८५ नंतर त्याच्या वाट्याला आलाच नाही. त्याच्या आत्मचरित्राचे नाव मराठीत सांगायचे तर 'सज्जनांना हॉलिवूडमध्ये काम मिळत नाही'. ते प्रसिद्ध झाले २०१३ मध्ये, तो २००७ साली वारल्यानंतर सहा वर्षांनी.

माझ्या एका मित्राला हे सगळे सांगितले, तर तो म्हणाला, "म्हणजे थोडक्यात फुकट गेला बिचारा." मी वाद घातला नाही, पण पटलेही नाही. १९९८ मध्ये व्हेलच्या अखेरच्या दिवसांवर 'गॉड्स अँड मॉन्स्टर्स' हा चित्रपट निघाला. तेव्हा व्हेलला प्रत्यक्ष ओळखणारा माणूस म्हणून हॅरिंग्टनला सल्ल्यासाठी बोलावले होते, एका दृश्यात तो क्षणभर दिसतोही. मी ते दृश्य थांबवून थांबवून पाहिले. आजूबाजूच्या गर्दीत एक नीटनेटका म्हातारा.

आणि त्यानंतर, २००० सालच्या सुमारास, वयाच्या चौऱ्याहत्तरीत, त्याने पुन्हा पदरमोड केली. स्वतःच्याच घरात कॅमेरा लावला आणि एक छोटा चित्रपट केला. नाव 'अशर'. तीच पोची कथा. रॉडरिकही तोच, आणि मॅडलिनही तोच.

नातू दिवाळीत येणार आहे. शाळकरी पोराचा 'अशर' आणि म्हाताऱ्याचा 'अशर', दोन्ही लागोपाठ लावून दाखव असे मी त्याला सांगून ठेवले आहे. या खेपेला लाइट गेली नाही तरी दिवे मात्र मीच बंद करणार आहे.