हमीपत्राची कहाणी : मोटारींतील थंड हवेच्या निमित्तानें

वैशाखांत मोटारींतील थंड हवा बंद पडली कीं मालक गाडी घेऊन गॅरेजची वाट धरतो. गाडी घेऊन दोनच वर्षें झालेलीं असतात, हमीपत्राची मुदत तीन वर्षांची असते, आणि म्हणून खर्चाची चिंता त्याला नसते. तेथें त्याला सांगण्यांत येतें कीं, कॉम्प्रेसर सदोष निघाला तर तो फुकट बदलून मिळेल. परंतु नुसता गॅस कमी झाला असेल तर तो भरण्याचे पैसे पडतील. मालक बुचकळ्यांत पडतो. यंत्र एकच असतांना त्याचा एक भाग हमींत आणि दुसरा हमीबाहेर, हा न्याय कोणता? या प्रश्नाचें उत्तर त्या छापील कागदांत थोडें आणि त्या कागदाच्या इतिहासांत पुष्कळ सांपडतें. विकलेल्या वस्तूंतील न दिसणाऱ्या दोषाचा भार विकणाऱ्यानें सोसावा कीं घेणाऱ्यानें, हा वाद चार शतकांहून जुना आहे, आणि आजचें हमीपत्र हा त्या वादांतील तडजोडीचा लेख आहे.

इंग्लंडमध्यें 1603 सालीं एक प्रसिद्ध खटला निकालांत निघाला. एका सोनारानें एक खडा 'बेझोअर', म्हणजे आपल्याकडील जहरमोहऱ्यासारखा विष उतरविणारा खडा, आहे असें सांगून शंभर पौंडांस विकला होता. खडा खोटा निघाला, तेव्हां घेणाऱ्यानें दाद मागितली. न्यायालयानें ती नाकारली. खडा बेझोअर आहे असें सोनार म्हणाला होता खरा. पण 'मी तशी हमी देतों' असें त्यानें म्हटल्याचें किंवा तो खोटा आहे हें त्यास ठाऊक असल्याचें फिर्यादींत नमूद नव्हतें. सांगणें निराळें आणि हमी देणें निराळें, हा भेद त्या दिवशीं शंभर पौंडांचा ठरला. 'घेणाऱ्यानें डोळे उघडे ठेवून घ्यावें' हेंच त्या काळच्या बाजाराचें सूत्र होतें.

बाजार जवळ होता, वस्तू साधी होती, आणि घेणारा ती हातांत घेऊन पारखूं शकत होता, तोंवर हें सूत्र कसेंबसें चाललें. पुढें माल दूरदेशाहून न पाहतां मागविला जाऊं लागला, तेव्हां तें अपुरें पडलें. 1815 सालीं रेशमाच्या एका व्यवहारांत लॉर्ड एलनबरो यांनीं असें ठरविलें कीं, घेणाऱ्याला माल तपासण्याची संधि नसेल, तर त्या नांवानें बाजारांत खपण्याजोगा माल देण्याची हमी विकणाऱ्यानें न बोलतांही दिलेलीच असते. ही जी न लिहिलेली, न उच्चारलेली हमी, तिला कायद्यानें 'गर्भित हमी' म्हटलें. इंग्लंडांत 1893 च्या मालविक्रीच्या कायद्यानें तिला पक्कें रूप दिलें, आणि त्याच धर्तीवर हिंदुस्थानांत 1930 सालीं मालविक्रीचा कायदा झाला. त्याच्या सोळाव्या कलमांत मालाच्या गुणवत्तेविषयींच्या गर्भित अटी आहेत. परंतु त्याच कायद्याच्या बासष्टाव्या कलमानें उभयपक्षीं करार करून या गर्भित अटी वगळण्याची मुभाही ठेविली. पुढील साऱ्या भानगडीचें मूळ या मोकळीकींत आहे. घेणाऱ्याच्या पदरांत कायद्यानें जें घातलें, तें कराराच्या एका ओळीनें काढून घेतां येई.

मोटारगाडी आली आणि प्रश्न आणखी बिकट झाला. गाडी बनविणारा एक, विकणारा दुसरा, आणि तिचे भाग पुरविणारा तिसराच. अमेरिकेंत मॅक्फर्सन नांवाच्या गृहस्थानें ब्यूक कंपनीची गाडी एका विक्रेत्याकडून घेतली. तिच्या एका चाकाच्या लाकडी आऱ्या मोडल्या आणि तो जखमी झाला. चाक दुसऱ्याच कारखान्यानें केलें होतें, आणि 'आमचा करार विक्रेत्याशीं, तुमच्याशीं नव्हे,' असा ब्यूक कंपनीचा बचाव होता. 1916 सालीं न्यूयॉर्कच्या वरिष्ठ न्यायालयांत न्यायमूर्ति कार्डोझो यांनीं हा बचाव फेटाळला. सदोष असल्यास जी वस्तु घातक ठरेल, ती तपासून बाजारांत आणण्याचें कर्तव्य कारखानदाराचें आहे आणि तें मधल्या विक्रेत्याच्या आड लपवितां येत नाहीं, असा त्या निकालाचा मथितार्थ आहे. मात्र हा निकाल निष्काळजीपणाचा आणि दुखापतीचा होता. गाडी नुसतीच बिघडली, माणूस बचावला, तर दुरुस्तीचा खर्च कोणाचा, हें ठरविण्याचें काम हमीपत्राकडेच राहिलें.

थंड हवेचें यंत्र या कथेंत उशीरां येतें. अमेरिकेच्या पॅकार्ड कंपनीनें 1939 सालच्या नोव्हेंबरांत शिकागोच्या प्रदर्शनांत असें यंत्र बसविलेली गाडी मांडली आणि 1940 सालच्या गाड्यांसाठीं तें विकावयास काढलें. त्याची किंमत 274 डॉलर होती. यंत्राचा मोठा भाग मागील बाजूस सामानाच्या जागेंत बसे, आणि कॉम्प्रेसर बंद करावयाचा तर इंजिन थांबवून त्यावरील पट्टा हातानें काढावा लागे. दोन वर्षांतच तें यंत्र मागें पडलें. दुसऱ्या महायुद्धानंतर 1953 सालीं क्रायस्लर व जनरल मोटर्स यांनीं आपापलीं यंत्रें आणलीं; 1954 सालीं नॅश कंपनीनें गरम व थंड हवेची सर्व जुळणी गाडीच्या पुढील भागांत एकत्र बसविली, आणि आजच्या रचनेचा पाया घातला गेला.

या रचनेंत हमीच्या वादाचें बीज आहे. घरांतील शीतकपाटांत मोटर आणि कॉम्प्रेसर एकाच बंद डब्यांत असतात व गॅस धातूच्या जोडबंद नळ्यांतून फिरतो. म्हणून त्यांतील गॅस वर्षानुवर्षें टिकतो. इंजिनावर चालणाऱ्या मोटारींत तसें करतां येत नाहीं. कॉम्प्रेसरला इंजिनाचा पट्टा फिरवितो, त्यामुळें त्याचा दांडा डब्याबाहेर काढावा लागतो, आणि दांडा जेथून बाहेर येतो तेथें गॅस अडविणारें सील फिरत्या भागावर बसवावें लागतें. इंजिन सारखें थरथरत असतें, म्हणून कांहीं नळ्या रबराच्या ठेवाव्या लागतात. कंडेन्सर गाडीच्या अगदीं पुढें, रस्त्यावरील खडे उडतात तेथें असतो. अशा यंत्रांतून थोडा गॅस कालांतरानें झिरपणें हा त्याचा स्वभाव आहे. परंतु वर्षा-दोन वर्षांत तो निघून जाणें हा दोष आहे. स्वभाव कोठें संपतो आणि दोष कोठें सुरू होतो, हें ठरविणें सोपें नाहीं, आणि हमीपत्राची भाषा नेमकी या सीमेवर उभी असते.

त्या भाषेचा खरा कस 1955 सालीं लागला. न्यूजर्सींत हेनिंगसेन नांवाच्या गृहस्थानें पत्नीसाठीं प्लिमथ गाडी घेतली. प्लिमथ हें क्रायस्लर कंपनीचें अपत्य. शेठ वालचंद हिराचंद यांच्या, 1944 सालीं स्थापन झालेल्या प्रीमियर कंपनीच्या कुर्ल्याच्या कारखान्यांतही क्रायस्लरच्याच गाड्यांची जुळणी होई, त्यामुळें मुंबईकरांस हें नांव परकें नव्हतें. हेनिंगसेन यांची गाडी दहा दिवसांत 468 मैल चालली होती. अकराव्या दिवसाची वाट न पाहतां तिचें सुकाणू हातांतून फिरलें, गाडी भिंतीवर आदळली आणि बाई जखमी झाल्या. हमीपत्र काढून पाहिलें, तर त्यांत 90 दिवस किंवा 4,000 मैल, यांपैकीं जें आधीं होईल तोंवर, सदोष भाग बदलून देण्याचें वचन होतें. तो भागही वाहतुकीचा खर्च स्वतः भरून कारखान्याकडे पाठवावयाचा. आणि या वचनाखेरीज दुसरी कोणतीही हमी, मग ती कायद्यानें गृहीत धरलेली कां असेना, कंपनीस मान्य नाहीं, असें खालीं छापलेलें होतें. अमेरिकेंतील मोठ्या कारखानदारांच्या संघानें हाच मसुदा सर्वांस दिलेला असल्यामुळें दुसऱ्या कंपनीच्या दुकानांत जाऊनही सुटका नव्हती. नांव हमीपत्राचें, काम मात्र हमी काढून घेण्याचें!

1960 सालीं न्यूजर्सीच्या सर्वोच्च न्यायालयानें ही ओळ रद्द ठरविली. ज्या करारांत एका पक्षास घासाघीस करण्यास वावच नाहीं, त्या कराराच्या आधारानें कायद्याची गर्भित हमी नाकारणें लोकहिताविरुद्ध आहे, असें न्यायालयानें सांगितलें. आणि ती हमी गाडी विकत घेणाऱ्याच्या पत्नीसही लागू आहे, असेंही ठरविलें.

यानंतर कारखानदारांतच चढाओढ लागली. 1963 सालच्या गाड्यांस क्रायस्लरनें पांच वर्षें किंवा 50,000 मैलांची हमी जाहीर केली. आंकडा डोळे दिपविणारा होता. पण ती हमी इंजिन, गिअरपेटी आणि चाकांपर्यंत शक्ति पोंचविणाऱ्या भागांपुरती होती. थंड हवेचें यंत्र इंजिनाच्या पट्ट्यावर चालत असलें, तरी तें त्या यादींत बसत नाहीं. ही विभागणी आजही कायम आहे. जाहिरातींतील मोठा आंकडा बहुधा इंजिनाचा असतो. थंड हवेचें यंत्र येतें तें संपूर्ण गाडीच्या लहान मुदतीच्या हमींत. त्यांतही कांहीं कारखानदार नुसता गॅस भरून देण्याची मुदत आणखी आंखूड ठेवतात, आणि हमींतील दुरुस्तीचा भाग म्हणून लागणारा गॅस मात्र पूर्ण मुदतींत देतात.

अमेरिकेंत 1975 सालीं मॅग्नुसन व मॉस या दोन लोकप्रतिनिधींच्या नांवानें ओळखला जाणारा हमीचा कायदा झाला. त्यानें हमी देण्याची सक्ति केली नाहीं. पण दिली तर ती समजेल अशा भाषेंत द्यावी, 'पूर्ण' कीं 'मर्यादित' हें माथ्यावर लिहावें, आणि लेखी हमी देऊन गर्भित हमी समूळ नाकारूं नये, असें बंधन घातलें. विशिष्ट कंपनीचाच भाग वापरला पाहिजे, नाहींतर हमी रद्द, अशी अटही, तो भाग फुकट दिल्याखेरीज किंवा सरकारी परवानगीखेरीज, घालतां येईना. बाहेर तेल बदलल्यामुळें थंड हवेच्या यंत्राची हमी गेली, असें म्हणण्यास त्यामुळें तेथें जागा राहिली नाहीं. मात्र बाहेरील माणसानें चुकीचा गॅस भरून कॉम्प्रेसर बिघडविला, तर तो भार कारखानदारावर पडत नाहीं.

गॅसच्या प्रश्नास याच सुमारास नवें वळण मिळालें. जुन्या गाड्यांतील गॅस वातावरणांतील ओझोनचा थर विरघळवील, असा इशारा मोलिना व रोलंड या शास्त्रज्ञांनीं 1974 सालीं दिला. 1987 च्या माँट्रियल करारानें त्याचें उत्पादन बंद करण्याचा मार्ग आखला, आणि पुढील दशकांत मोटारींनीं दुसरा गॅस पत्करला. तोही पृथ्वीचें तापमान वाढवितो, म्हणून युरोपांत 2017 पासून नव्या मोटारींतून तो हद्दपार झाला आहे. तेव्हां गळती न शोधतां वरचेवर गॅस भरीत राहणें हें मालकाच्या खिशास जितकें जड, तितकेंच हवेसही घातक आहे. हमीच्या दृष्टीनेंही तें अहिताचें. कारण 'गॅस भरला' या नोंदीनें दोष सिद्ध होत नाहीं, 'अमुक सील गळत होतें' या नोंदीनें होतो.

भारतांत ग्राहकास स्वतंत्र दरबार मिळाला तो 1986 च्या ग्राहक संरक्षण कायद्यानें. त्याची जागा घेणाऱ्या 2019 च्या कायद्यानें पुढें जाऊन असें म्हटलें आहे कीं, दिलेल्या स्पष्ट हमीप्रमाणें वस्तु नसेल व त्यामुळें अपाय झाला, तर आपण निष्काळजीपणा केला नव्हता हें दाखवूनही कारखानदाराची जबाबदारी टळत नाहीं. 1603 च्या सोनारापासून येथवर कायदा बराच चालून आला आहे.

परंतु कायदा कितीही पुढें आला, तरी हमीपत्र वाचण्याचें काम ज्याचें त्यालाच करावें लागतें. मुदत वर्षांची कीं किलोमीटरांची, आणि दोहोंपैकीं आधीं कोणती संपते. यंत्राच्या कोणत्या भागांचीं नांवें वगळलेल्या यादींत आहेत. गॅसची मुदत निराळी आहे काय. आणि पैसे देऊन घेतलेली वाढीव हमी 'एवढे भाग सोडून सर्व' अशी आहे कीं 'एवढेच भाग' अशी, हे चार प्रश्न गाडी घेतांनाच विचारावे. बिघाड झाल्यावर तक्रार मुदतींतच लेखी द्यावी, गळतीचें ठिकाण आणि कारण कागदावर लिहून घ्यावें, आणि खड्यानें फुटलेला कंडेन्सर व आपोआप झिजलेलें सील यांतील फरक ओळखावा. पहिला अपघात आहे व तो बहुधा विम्याचा विषय होतो. दुसरा दोष असूं शकतो, आणि त्याच्याचसाठीं हमी आहे. हेनिंगसेन दांपत्याला न्यायालयाच्या पायऱ्या चढून जें मिळवावें लागलें, त्यांतील पुष्कळसें आज छापील कागदांत आणि कायद्यांत आलेलें आहे. तें वाचून मागण्याइतकी जागरूकता ग्राहकानें दाखविली पाहिजे.