माझ्या नावाच्या मधोमध एक ग्रीक राजा

दादाला मुलगा झाला आणि बाळ हॉस्पिटलमधून घरी यायच्या आत त्याने व्हॉट्सॲपवर ग्रुप काढला, 'बाळाचं नाव'. मावश्या, काकू, चुलत भावंडं, वहिनीच्या माहेरचे, सगळे त्यात. दोन दिवसांत नावांचा ढीग पडला. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करते, ढीग दिसला की तो शीटमध्ये भरल्याशिवाय मला चैन पडत नाही. एका रकान्यात नाव, दुसऱ्यात अर्थ. भरता भरता लक्षात आलं की कितीतरी नावांचं शेपूट एकच आहे. रेयांश, कियांश, अयांश, वियांश. पुढे काहीतरी गोड वाजणारं आणि मागे 'अंश'. सुटे भाग जोडायचे की नाव तयार.

वहिनीला 'रेयांश' आवडलं होतं. एका साइटवर त्याचा अर्थ होता 'सूर्यकिरणाचा अंश', दुसरीवर 'विष्णूचा अंश'. मी ग्रुपवर शहाणपणा केला. लिहिलं, किरण या अर्थाचा 'रेय' संस्कृतात नाही, किरणाला 'रे' म्हणतात ते इंग्रजीत. म्हणजे अर्धं नाव इंग्रजी, अर्धं संस्कृत. त्यापेक्षा खरा अर्थ असलेलं काहीतरी शोधू या. बारशात नाव ठेवायचा मान आत्याचा, तेव्हा माझं ऐकलं जाईल अशी खात्री होती.

दादाचं उत्तर आलं, "पप्पांच्या नावाचा खरा अर्थ काय मग?"

आमच्या वडिलांचं नाव मिलिंद. मी कोश बघून लगेच टाकलं, "भुंगा. संस्कृत शब्द आहे."

ग्रुपवर कधी काही न लिहिणाऱ्या पप्पांनी त्यावर दोनच शब्द लिहिले. "भुंगा नाही."

मग मी त्यांना फोन केला. तो फोन तासभर चालला, आणि पुढचे काही आठवडे मी रेयांश सोडून मिलिंदच्या मागे लागले.

पप्पांचं पूर्ण नाव मिलिंद कचरू, आणि मग आडनाव. आडनाव इथे लिहीत नाही, त्याचं कारण पुढे येईल. कचरू हे आमचे आजोबा. त्यांच्याआधीची दोन भावंडं तान्हेपणीच गेली होती. तिसऱ्याला नजर लागू नये म्हणून पणजीने त्याला जन्मल्याबरोबर केरावर ठेवलं आणि 'टाकलेलं पोर सापडलं' म्हणत पुन्हा उचललं. नाव ठेवलं कचरू. नकोशा वस्तूचं नाव दिलं की मृत्यू तिच्याकडे ढुंकून बघत नाही, अशी समजूत. दगडू, धोंडू, केरबा, भिकाजी, उकंडा ही सगळी याच घराण्यातली नावं.

अशी नावं सगळ्याच जातींत होती. १८५७ च्या नानासाहेब पेशव्यांचं नाव धोंडोपंत. महर्षी कर्व्यांचं नाव धोंडो. फरक पडायचा तो शेपटात. एकाच्या धोंडोला मागे 'पंत' लागायचं, दुसऱ्याचा धोंडू हाकेत 'धोंड्या' व्हायचा आणि म्हातारा झाला तरी धोंड्याच राहायचा. याचा नियमही लिहून ठेवलेला आहे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात कुणाच्या मुलाचं नाव कसं असावं ते सांगितलंय. ब्राह्मणाचं मंगल, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धनाचं, आणि शूद्राचं किळस यावी असं. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेब आंबेडकरांनी जे पुस्तक जाळलं, त्यात हाही श्लोक होता.

आजोबा मॅट्रिक झाले आणि तेव्हाच्या औरंगाबादला कॉलेजात आले. बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने मुंबईत १९४६ मध्ये सिद्धार्थ कॉलेज काढलं होतं. १९५० मध्ये तिने औरंगाबादला दुसरं कॉलेज सुरू केलं. त्यालाच पुढे नाव मिळालं मिलिंद महाविद्यालय, आणि त्याच्या परिसराला नागसेनवन. आजोबांना दोन वर्षांनी शिक्षण सोडून पाटबंधारे खात्यात नोकरी धरावी लागली. पण ते नाव त्यांनी सोबत नेलं. १९६३ मध्ये मुलगा झाला, तेव्हा अडगळीचं नाव धारण करणाऱ्या बापाने त्याला राजाचं नाव दिलं.

हा राजा ग्रीक होता. इसवीसनापूर्वी दुसऱ्या शतकात पंजाब आणि त्याच्या पश्चिमेच्या मुलखावर राज्य करणारा मेनांड्रॉस, इंग्रजी पुस्तकांतला मिनँडर. राजधानी सागल, म्हणजे बहुतेक अभ्यासकांच्या मते आजच्या पाकिस्तानातलं सियालकोट. त्याच्या नाण्यांवर एका बाजूला ग्रीक लिपीत 'बॅसिलेऑस सोटेरॉस मेनांड्रू' आहे आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीत 'महरजस त्रतरस मेनंद्रस'. दोन्हींचा अर्थ एकच, त्राता असलेल्या मेनांडर महाराजाचं नाणं. आपल्याकडे खरोष्ठी वाचणारं कुणी उरलं नव्हतं. १८३० च्या दशकात जेम्स प्रिन्सेप वगैरे मंडळींनी अशाच दुभाषी नाण्यांवरून ती लिपी लावली. ग्रीक बाजू माहीत असल्यामुळे दुसरी बाजू उलगडली.

मेनांड्रॉस या नावातला 'आंद्र' म्हणजे पुरुष. अलेक्झांडरमध्येही तोच आहे, आणि आपला 'नर' त्याचा लांबचा भाऊ. नाण्यावर त्याचं 'मेनंद्र' झालं. पाली भाषेला 'द्र' झेपत नाही, चंद्राचं ती 'चंद' करते आणि इंद्राचं 'इंद'. तिच्या तोंडी घोळत मेनंद्राचा झाला मिलिंद. संस्कृतातला भुंगा वेगळा. दोन वाटांनी आलेले दोन शब्द एकसारखे दिसायला लागले, इतकंच.

आणि तो पालीत आला कशासाठी? प्रश्न विचारण्यासाठी. 'मिलिंदपञ्ह' म्हणजे मिलिंदाचे प्रश्न. श्रीलंका आणि ब्रह्मदेशातल्या बौद्धांनी हा ग्रंथ जपला. ब्रह्मदेशात तर त्याला त्रिपिटकात जागा आहे. १८८० मध्ये ट्रेंकनरने त्याची पाली आवृत्ती छापली आणि पुढच्या दशकात ऱ्हिस डेव्हिड्सचं इंग्रजी भाषांतर आलं. त्यात हा मिलिंद राजा मोठा वादपटू आहे. मोठमोठ्या विद्वानांना त्याने निरुत्तर केलंय. मग त्याची गाठ पडते नागसेन नावाच्या भिक्खूशी.

मी ग्रंथ उघडला आणि थक्क झाले, कारण त्यांची पहिली चर्चाच नावावर आहे. राजा विचारतो, आपलं नाव काय? भिक्खू सांगतो, मला नागसेन म्हणतात. आईबाप मुलाचं नाव नागसेन ठेवतात, शूरसेन ठेवतात, वीरसेन ठेवतात, पण ते फक्त हाक मारण्यापुरतं. त्या नावाच्या मागे 'नागसेन' म्हणून धरता येईल असं काही नाही. राजा चमकतो. मग केस म्हणजे नागसेन का? नखं? दात? सगळ्याला नकार. तेव्हा नागसेन उलट विचारतो, महाराज, तुम्ही रथातून आलात ना? मग दांडी म्हणजे रथ का? आस? चाकं? जू? लगाम? राजाला नाही म्हणत जावं लागतं. शेवटी तोच कबूल करतो, की हे सगळं एकत्र आलं की त्याला रथ म्हणायचं. आमच्या कामात व्हेरिएबलला नाव देतात ते असंच. नाव बदललं म्हणून आतली किंमत बदलत नाही, पण नावाशिवाय तिच्यापर्यंत पोचताही येत नाही.

त्यापुढचा प्रसंग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. राजा पुन्हा वाद करायला येतो तेव्हा नागसेन अट घालतो. विद्वानांसारखा वाद करणार असशील तर बोलतो, राजांसारखा करणार असशील तर नाही. फरक काय? विद्वान एकमेकांना खोडतात, चूक दाखवतात, चूक मान्य करतात आणि रागावत नाहीत. राजे आपलं म्हणणं मांडतात आणि न मानणाऱ्याला शिक्षा देतात. मिलिंद म्हणतो, मी विद्वानांसारखा बोलेन. हातात सत्ता असून ती बाजूला ठेवून समोर बसलेला आणि हरल्यावर हरलो म्हणणारा माणूस. ज्यांना शतकानुशतकं प्रश्न विचारायचीच मुभा नव्हती, त्यांच्या मुलांच्या कॉलेजाला हे नाव का दिलं असेल, ते मला इथे समजलं.

हे नाव फक्त आमचं मात्र कधीच नव्हतं. क्रिकेटपटू मिलिंद रेगे यांचा जन्म १९४९ चा, कॉलेजच्याही आधीचा. मिलिंद सोमण, मिलिंद गुणाजी, 'शाळा' लिहिणारे मिलिंद बोकील, गायक मिलिंद शिंदे. महाराष्ट्राच्या वर्गांत कितीतरी मिलिंद एका बाकावर बसले असतील, एकाच्या घरात भुंगा आणि दुसऱ्याच्या घरात राजा. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरच्या धर्मांतरानंतर सिद्धार्थ, गौतम, राहुल, आनंद, सुजाता, संघमित्रा ही नावं वस्त्यावस्त्यांत पसरली, तेव्हा त्यांत मिलिंदही होता. फोडायला जड जाईल असं कुलूप होतं ते. नुसत्या नावावरून माणूस कुठला हे ओळखता येत नव्हतं. नुसत्या नावावरून.

तरी नावाने जिवावर बेततं. २७ जुलै १९७८ ला विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाड्यात गावोगाव दलित वस्त्या पेटवल्या गेल्या. माणसं मारली गेली. विद्यापीठाच्या नावात बाबासाहेबांचं नाव यायला १४ जानेवारी १९९४ उजाडलं. साडेपंधरा वर्षं.

पप्पा १९७८ मध्ये पंधरा वर्षांचे होते. फोनवर त्यांनी मला एक गोष्ट सांगितली, जी आधी कधी सांगितली नव्हती. त्या पावसाळ्यात आजीने त्यांना 'मिलिंद' म्हणून हाक मारणं बंद केलं होतं. ती त्यांना बाळू म्हणायची. गावात कोण कुणाचा ते सगळ्यांना ठाऊक होतंच, पण तिला वाटायचं संध्याकाळच्या वेळी हाक लांबवर जाते. आजोबा तिच्यावर चिडायचे. एवढं विचार करून ठेवलेलं नाव! ती ऐकून घ्यायची आणि पुन्हा बाळूच म्हणायची.

हे ऐकल्यावर मी दादाला विचारलं, रेयांशच का? तो म्हणाला, "शाळेच्या पहिल्या दिवशी त्याचं नाव ऐकून कुणी काही ओळखू नये. एवढंच हवंय मला."

मला त्याच्याशी वाद घालता आला नाही. पुण्यात भाड्याचं घर बघताना घरमालक आधी नाव विचारतात, मी पहिलं नाव सांगते, मग ते हसून म्हणतात, "पूर्ण नाव?" पूर्ण नाव सांगितल्यावर दोनदा घर अचानक 'दुसऱ्यांना दिलेलं' निघालं. म्हणून आडनाव इथे लिहिलं नाही. त्याचं काय होतं ते मला माहीत आहे, आणि हा लेख त्याशिवाय वाचला जावा असं मला वाटतं.

मी रेयांशला नाकारत होते कारण तो अर्धा इंग्रजी, अर्धा संस्कृत, साइटवाल्यांनी जोडलेला. मिलिंद तरी काय होता? ग्रीक नाव, पालीने सोललेलं, श्रीलंका-ब्रह्मदेशात तगलेलं, लंडनमध्ये छापलेलं, औरंगाबादच्या एका फाटकावर लागलेलं आणि पाटबंधाऱ्याच्या कारकुनाने पाळण्यापर्यंत आणलेलं. कोशात बघितलं तर त्यातलं काहीच सापडत नाही, तिथे भुंगा बसलाय. अर्थ आला तो आजोबांकडून.

तरी एक फरक राहतोच, आणि तो मी दादाला सांगितला. आजोबांनी नाव निवडलं ते काहीतरी दिसावं म्हणून. तू निवडतोयस ते काही दिसू नये म्हणून. दादा गप्प बसला. पप्पांना हे सांगितलं तर ते म्हणाले, "तुझी आजी बाळू म्हणायची, तुझी वहिनी रेयांश म्हणते. आईच्या भीतीला कोशात अर्थ शोधू नकोस."

आमच्याकडे बाळाच्या नावापुढे बापाचं नाव लागतं, त्यामुळे मिलिंद या बाळाच्या नावात येणार नाही. तो फक्त दादाच्या आणि माझ्या नावात उरलाय, मधोमध. तिथेही तो टिकतोच असं नाही. ऑफिसच्या फॉर्ममध्ये पहिलं नाव आणि आडनाव एवढेच दोन रकाने असतात. मुलगी असल्यामुळे लग्नानंतर माझं मधलं नाव बदलावं अशीही रीत आहे. मी ते बदलणार नाहीये. माझ्या टीमच्या पुढच्या फॉर्ममध्ये तिसरा रकाना असेल, तेवढं मला करता येतं.

बारसं गेल्या रविवारी झालं. त्रिशरण-पंचशील झालं, खीर झाली. मग मला पुढे बोलावलं. मी बाळाच्या कानाशी वाकून 'कुर्रर्र' केलं आणि नाव सांगितलं, रेयांश. पप्पा समोरच बसले होते, त्यांनी सगळ्यांत आधी टाळी वाजवली. मिलिंदाची गोष्ट तेव्हा सांगितली नाही. ती तो विचारेल तेव्हा सांगणार आहे.