जागा आहे, पाणी आहे. मग जीव का उपजत नाही?

ठोकळ्यांनी जग रचण्याचा ‘माइनक्राफ्ट’ हा खेळ ज्यांनी खेळला आहे, त्यांना एक अनुभव बहुधा आलेला असतो. तासन्‌तास खपून एक बंदिस्त, काळोखी खोली बांधावी, तिच्यात राक्षसी जीव उपजतील म्हणून वाट पाहावी, आणि काहीच घडू नये. जमीन भरीव आहे, वर मोकळी जागा आहे, प्रकाशाचा कवडसाही नाही. तरी एकही जीव येत नाही. नवखा खेळाडू अशा वेळी खोलीच पाडून पुन्हा बांधायला घेतो. मुरलेला खेळाडू खोलीला हात न लावता आधी नियम तपासतो. खेळ ‘शांत’ पातळीवर तर नाही ना? आपण फार जवळ उभे आहोत का? कारण खेळाडूभोवतीच्या २४ ठोकळ्यांच्या परिघात शत्रुजीव उपजत नाहीत, आणि १२८ ठोकळ्यांपलीकडे गेलेले तत्काळ नाहीसे होतात. २०२१च्या नोव्हेंबरात आलेल्या १.१८ या आवृत्तीनंतर प्रकाशाची पातळी शून्यच असावी लागते. त्याआधी सातपर्यंत चालत असे. म्हणून जुन्या मापाने बांधलेल्या कित्येक खोल्या एका रात्रीत ओस पडल्या.

हे सारे ठीक असूनही खोली रिकामी राहिली, तर दोष बहुधा खोलीत नसतो, खोलीखाली असतो. एकट्या खेळाडूच्या जगात शत्रुजीवांची मर्यादा ७० आहे. आसपासच्या अंधाऱ्या गुहांतच ती भरली असेल, तर वरच्या खोलीत नव्याला वाव उरत नाही. उपाय असा की, खाली उतरून गुहांत मशाली लावायच्या. बिघाड एकीकडे दिसतो आणि त्याचे कारण दुसरीकडे असते.

या खेळातील ‘स्पॉन’ हा शब्द मुळात माशांचा आहे. इंग्रजीत तो माशाने पाण्यात अंडी सोडण्याला वापरतात. आपल्याकडे मत्स्यशेतीत नुकत्याच बाहेर पडलेल्या पिलांनाही ‘स्पॉन’ म्हणतात, मराठीत मत्स्यजिरे. ती थोडी वाढली की मत्स्यबीज, आणि बोटाएवढी झाली की मत्स्यबोटुकली. जिऱ्याच्या दाण्याएवढा जीव म्हणून मत्स्यजिरे! शब्द जिथून आला तिथे परत गेलो, तर खेळाडूचा प्रश्न आपल्या देशातील एका जुन्या आणि पोटापाण्याच्या प्रश्नाशी येऊन मिळतो: तळ्यात पाणी आहे, मासे आहेत, ते धष्टपुष्ट आहेत, मग पिल्ले का होत नाहीत?

या प्रश्नाची सुरुवात तिरुवैयारुच्या घाटावरून करावी. तंजावरच्या उत्तरेला, कावेरीच्या काठी वसलेले हे गाव आपल्याला संत त्यागराजांच्या समाधीमुळे ठाऊक असते. १६७६ ते १७९९ या काळात हा प्रदेश तंजावरच्या भोसले राजांच्या अमलाखाली होता, म्हणून मराठी माणसाला तो परका वाटत नाही. गावाच्या नावातच पाच नद्या आहेत. तमिळ आडी महिन्याच्या अठराव्या दिवशी, म्हणजे ऑगस्टच्या आरंभी, येथे ‘आडिप्पेरुक्कु’ साजरा होतो. पेरुक्कु म्हणजे वाढ, नदीला आलेला भर. पश्चिम घाटात नैऋत्य मोसमी पाऊस कोसळला की कावेरी फुगे, आणि लोक तिची ओटी भरायला घाटावर उतरत.

माणसांनी ज्या घटनेचा सण केला, तीच माशांसाठी सूचना होती. भारतातील बहुतेक मोठे नदीमासे पूर आल्यावरच अंडी सोडतात. गढूळलेले पाणी, वाढलेला प्रवाह, उतरलेले तापमान, नव्याने बुडालेले काठ ही सगळी चिन्हे एकत्र आली की माशाच्या मेंदूला वर्दी जाते. समुद्रातून नदीत चढणारा हिलसा, आपल्या किनाऱ्यावरचा पाला, या पाण्यावर स्वार होऊनच वर येई. तिरुवैयारुच्या उत्तरेला थोड्या अंतरावर वाहणारी कोल्लिडम ही कावेरीची मोठी शाखा हा त्याचा राजमार्ग होता.

१८३६ साली ऑर्थर कॉटन यांच्या योजनेनुसार कोल्लिडमवर खालचा बंधारा झाला. शेतीला त्याचा लाभ झाला हे निर्विवाद. पण वर चढणारा हिलसा त्या भिंतीशी येऊन अडू लागला. बंधारे माशांची वाट रोखतात, असा इशारा फ्रान्सिस डे यांनी १८७३च्या आपल्या अहवालात दिला होता. १९०९च्या सुमारास मद्रास इलाख्यातील एच. सी. विल्सन यांनी कोल्लिडमच्या हिलशाची अंडी हाताने काढून ती कृत्रिमरीत्या फलित करण्याचा प्रयत्न केला. नंतर १९३४ मध्ये मेट्टूर धरण पूर्ण झाले. आता भिंतीबरोबर पूरही गेला. मद्रासच्या मत्स्यविभागाची धुरा वाहिलेले बी. सुंदरराज यांनी १९४१ मध्ये मेट्टूरपासून भारताने घ्यायच्या धड्यांवर एक निबंध लिहिला. धरणांच्या जमाखर्चात मासा धरण्याचा आपल्याकडचा हा आरंभीचा प्रयत्न आज विस्मरणात गेला आहे, याचे मला नवल वाटते. हिलशाच्या शरीरात काहीच बिघडले नव्हते. त्याच्या पायऱ्या काढून घेतल्या होत्या, आणि अंडी हाताने फलित करून पायऱ्या परत येत नाहीत.

कटला, रोहू आणि मृगळ यांची गोष्ट निराळी होती. हे मासे तळ्यात उत्तम वाढतात, त्यांच्या मादीच्या पोटात अंडी तयारही होतात. पण स्थिर पाण्यात ती बाहेर पडत नाहीत. हंगाम सरला की अंडी शरीरातच जिरून जातात. त्यामुळे तळ्यांसाठी बीज नदीतूनच गोळा करावे लागे. पावसाळ्यात गंगेच्या प्रवाहात जाळी लावून मत्स्यजिरे धरायचे, मातीच्या हंड्यांत भरायचे आणि रेल्वेने दूरदूर पाठवायचे. वाटेत कित्येक मरत. उरलेल्यांत कोणत्या जातीची पिल्ले आहेत हे मोठी होईपर्यंत कळत नसे. रोहूच्या भरवशावर सोडलेल्या बीजात रोहूला खाणारेच मासे निघत. बंगालच्या बांकुडा-मेदिनीपूर भागातील लोकांनी यावर एक देशी तोड काढली होती. उतारावर बांध घालून पावसाचे वाहते पाणी अडवायचे आणि त्या छोट्या, तात्पुरत्या पुरात पक्व मासे सोडायचे. युक्ती चाले, पण पाऊस आला तरच.

आता खेळाडूच्या रीतीने विचार करू. तळ्यात काय आहे आणि नदीत काय आहे? अन्न दोन्हीकडे आहे, नर-मादी आहेत, अंडीही आहेत. नसते ती वर्दी. ती वर्दी शरीरात कोणत्या वाटेने जाते, हे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात उलगडत गेले. बाहेरचे चिन्ह मेंदूला कळते, मेंदू आपल्या तळाशी असलेल्या वाटाण्याहूनही लहान पीयूषिका ग्रंथीला सांगतो, ती संप्रेरके सोडते आणि त्यांच्या आज्ञेने अंडी पक्व होऊन सुटतात. साखळीची पहिली कडी तुटली असेल, तर तिसरी कडी आपणच हलवली तर? १९३०च्या दशकात ब्राझीलमध्ये रोडोल्फो फॉन इहेरिंग यांनी माशांना पीयूषिकेचा अर्क टोचून अंडी सोडायला लावले. १९३७ मध्ये लाहोरला हमीद खान यांनी मृगळावर असाच प्रयोग केला, पण त्यांनी ग्रंथी वापरल्या त्या सस्तन प्राण्यांच्या. मत्स्यशेतकऱ्याने भरवसा ठेवावा अशी पद्धत त्यातून हाती लागली नाही.

ती लागली हिरालाल चौधरी यांच्या हाती. केंद्रीय अंतर्देशीय मत्स्यसंशोधन संस्थेच्या कटक येथील विभागात ते काम करीत. सस्तन प्राण्यांऐवजी माशाचीच, शक्यतो त्याच किंवा जवळच्या जातीच्या पक्व माशाची ग्रंथी त्यांनी वापरली. १० जुलै १९५७ रोजी ओडिशातील अंगुल येथे त्यांना आणि के. एच. अलिकुन्ही यांना बंदिस्त पाण्यातील भारतीय कार्प माशांकडून अंडी मिळवण्यात यश आले. भारतात १० जुलै हा राष्ट्रीय मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळला जातो तो यामुळे.

या पद्धतीचे तपशील पाहिले की प्रयोगशाळेचा सारा दिमाख गळून पडतो. ग्रंथी येत त्या मासळीबाजारातून. विकल्या गेलेल्या माशाच्या डोक्याची कवटी उघडून ती चिमट्याने काढायची आणि निर्जल अल्कोहोलमध्ये ठेवायची. पावसाळी संध्याकाळी ती वाटून, पाण्यात कालवून, गाळ बाजूला करून मादीला पहिली मात्रा टोचायची: किलोमागे दोन-तीन मिलिग्रॅम. सुमारे सहा तासांनी दुसरी, याहून मोठी मात्रा. नराला एकच, याच वेळी. मग जोडी कापडी हाप्यात सोडून वाट पाहायची. सारे जमले तर पहाटेपर्यंत हापा अंड्यांनी भरलेला असे.

तरीही कधी जमे, कधी नाही, आणि त्याचे कारण १९८०च्या दशकात स्पष्ट झाले. चीनचे लिन हाओरान आणि कॅनडाचे रिचर्ड पीटर यांनी दाखवून दिले की, कार्प कुळातील माशांच्या मेंदूत चालना देणाऱ्या संप्रेरकाबरोबर एक रोधकही असतो, तो म्हणजे डोपामिन. केवळ चालना वाढवून भागत नाही, रोध उठवावा लागतो. त्यामुळे आज बाजारात मिळणाऱ्या इंजेक्शनांत संप्रेरकाच्या कृत्रिम प्रतिरूपासोबत डोपामिनला अटकाव करणारे औषध असते. वेग देणारा पाय आणि करकचून ओढलेला ब्रेक, असे चित्र डोळ्यांसमोर आणले की ही मात्रा चटकन समजते.

आता महाराष्ट्रात येऊ. १८३९ साली कर्नल साइक्स यांनी पुण्याजवळच्या मुळा-मुठेतील महसीराचे शास्त्रीय वर्णन केले आणि त्याला स्थानिक नावावरून ‘खुद्री’ हे जातिनाम दिले. लोणावळ्याच्या परिसरात टाटांची जलविद्युत धरणे झाल्यावर हा मासा तलावांत अडकून राहिला. महाराष्ट्राच्या मत्स्यविभागाचे संचालक राहिलेले चं. वि. कुलकर्णी (नर्मदेतील हिलशाच्या अंड्यांचा अभ्यास त्यांनी १९५०च्या आधीच केला होता) यांनी १९७०च्या सुमारास लोणावळ्यात महसीराच्या अंड्यांचा आणि पिलांच्या वाढीचा अभ्यास मांडला. त्यांच्या आणि एस. एन. ओगले यांच्या खटपटीतून वळवणचे बीजकेंद्र उभे राहिले. तयार माद्यांच्या पोटावरून हलका हात फिरवून अंडी काढायची, नराचे रेत मिसळायचे, वाहत्या स्वच्छ पाण्यात उबवायची. कार्पच्या मानाने महसीर फार थोडी अंडी देतो, म्हणून प्रत्येक यशाचे मोल मोठे. लोणावळ्याची बोटुकली अनेक राज्यांत गेली.

ती कावेरीतही गेली, आणि इथे गोष्ट अवघड होते. कावेरीत स्वतःचा एक महसीर होता: पाठीवर उंचवटा असलेला, प्रचंड वाढणारा. १९४६ मध्ये कबिनीत गळाला लागलेला १२० पौंडांचा मासा आजही गळाने मासेमारी करणाऱ्यांच्या बोलण्यात असतो. १९९८ ते २०१२ या काळातील त्यांच्याच नोंदी संशोधकांनी तपासल्या, तेव्हा दिसले की बाहेरून आणून सोडलेला निळ्या परांचा महसीर वाढत गेला होता आणि हा कुबडा महसीर क्वचितच मिळू लागला होता. याला शास्त्रीय नावही धड नव्हते. तो ‘टोर रेमादेवी’ आहे हे २०१८ मध्ये ठरले आणि त्याच वर्षी त्याची नोंद अतिसंकटग्रस्त जातींत झाली. धरणे, वाळूउपसा, सुरुंगांची मासेमारी यांचाही यात हात आहे, तेव्हा सारा दोष लोणावळ्याच्या पिलांवर घालणे अन्यायाचे होईल. पण नदीतल्या कपारी आणि अन्न अमर्याद नसते. गुहा आधीच भरल्या असतील, तर वरची खोली रिकामी राहते.

कुलकर्णींनी पिल्ले होण्याची अडचण सोडवली आणि ती चोख सोडवली. ती कोणत्या नदीत सोडावीत, हा प्रश्न वळवणच्या कुंडात उभा राहत नव्हता. तो पुढे, नदीच्या काठी उभा राहिला.

आज कार्पची अंडी घ्यायला वर्तुळाकार सिमेंटच्या टाक्या वापरतात. भोवतालच्या नळांतून पाणी तिरकस सोडून ते गोल फिरवतात, वरून फवारे उडवतात. इंजेक्शन दिलेले मासे त्या फिरत्या पाण्यात उलटे पोहू लागतात. तिकडे मेट्टूरचे दरवाजे, साठा पुरेसा असेल तर, परंपरेने १२ जूनला उघडतात. तिरुवैयारुच्या घाटावर आडिप्पेरुक्कुला पाणी असेल की नाही, हे आता जितके पावसावर, तितकेच धरणातील साठ्यावर ठरते.