वास्को सांताना : रेव्ह्यूच्या रंगमंचावरून बोलपटाकडे

पोर्तुगीज रंगभूमी व चित्रपटांतील विनोदी नट वास्को सांताना यांचा जन्म २८ जानेवारी १८९८ रोजी लिस्बनमध्ये झाला. त्यांनी ललितकलांच्या शिक्षणासाठी प्रवेश घेतला होता, पण ते अर्धवट सोडून ते नाटकाकडे वळले आणि १९१७ च्या सुमारास व्यावसायिक रंगभूमीवर आले.

त्या काळी लिस्बनकरांचा आवडता नाट्यप्रकार होता रेव्ह्यू. गाणी, नाच आणि चालू घडामोडींवरची टवाळी एकत्र गुंफलेला हा प्रयोग असे. १९२२ मध्ये सुरू झालेले ‘पार्के मायेर’ हे नाट्यगृहांचे आवार त्याचे मुख्य ठाणे बनले. १९२६ च्या लष्करी उठावानंतर नाटकांच्या संहिता सेन्सॉरकडून तपासून घ्याव्या लागत. त्यामुळे टोला शब्दांत न मारता तो सूचक विरामात, नजरेत किंवा द्व्यर्थी बोलण्यात दडवण्याची कला नटांनी साधली. सांताना याच तालमीत तयार झाले. स्थूल देह, गोल चेहरा आणि समोरच्या नटाच्या वाक्यावर तत्क्षणी कुरघोडी करणारी जीभ ही त्यांची शिदोरी होती.

१९३१ च्या ‘आ सेव्हेरा’ या पहिल्या पोर्तुगीज बोलपटाचे ध्वनिकाम फ्रान्समध्ये करावे लागले होते. पुढच्याच वर्षी ‘तोबिस पोर्तुगेझा’ ही कंपनी स्थापन झाली आणि १९३३ मध्ये ‘आ कांसांव दे लिस्बोआ’ हा संपूर्णपणे पोर्तुगालमध्ये तयार झालेला पहिला बोलपट पडद्यावर आला. त्याचे दिग्दर्शक कोतिनेली तेल्मो हे पेशाने वास्तुविशारद. सांताना यांनी त्यात वैद्यकीच्या उनाड विद्यार्थ्याची भूमिका केली. गावाकडच्या मावश्यांच्या पैशांवर तो चैन करतो, आपण डॉक्टर झालो अशी त्यांची समजूत करून देतो आणि त्या लिस्बनला आल्यावर त्याची त्रेधातिरपीट उडते. परीक्षेत नापास झालेला हा पठ्ठ्या फादो या पोर्तुगीज गीतप्रकाराचा गायक म्हणून नाव कमावतो आणि शेवटी डॉक्टरही होतो. नायिका बिआत्रिझ कोस्ता आणि तिच्या शिंपी बापाच्या भूमिकेतील अंतोनियो सिल्वा हेही रेव्ह्यूतूनच आलेले. पुढे दिग्दर्शक म्हणून जगभर गाजलेले मानोएल द ओलिव्हेरा यांचीही त्यात छोटी भूमिका होती.

‘ओ पाय तिरानो’ (१९४१) आणि ‘ओ पातियो दास कांतिगास’ (१९४२) या दोन चित्रपटांच्या पटकथालेखनातही सांताना यांचा वाटा होता. पहिल्याचे दिग्दर्शन अंतोनियो लोपेस रिबेरो यांनी केले, तर दुसऱ्याचे त्यांचे बंधू ‘रिबेरिन्यो’ यांनी. पहिल्यात सांताना एका मोठ्या दुकानातील नोकरांच्या हौशी नाटकमंडळीचे म्होरके आहेत. नाटकाची तालीम ऐकून नायिका तेच खरे मानते आणि सगळा घोटाळा होतो. दुसऱ्यात ते मद्यपी नार्सिसो झाले. दारूच्या नशेत नार्सिसो रस्त्यावरच्या दिव्याच्या खांबाशी गप्पा मारतो, तो त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत लक्षात राहिलेला प्रसंग.

या चित्रपटांत वाड्यातले शेजारी, दुकानदार आणि प्रेमिक भांडतात, पण अखेर सारे गोडीने मिटते. सत्तेला थेट आव्हान नसल्याने हुकूमशहा सालाझारच्या राजवटीत त्यांना वाव मिळाला. तरीही राजवटीचे प्रचारप्रमुख अंतोनियो फेरो यांना हे विनोदपट हलक्या अभिरुचीचे वाटत. ऐतिहासिक आणि साहित्यिक विषयांवरील भारदस्त चित्रपट निघावेत, असा त्यांचा आग्रह होता. सांताना यांनी ‘कामोंइश’ (१९४६) या कविचरित्रपटातही काम केले.

१९४० च्या दशकाच्या अखेरीस इरेने वेलेझ यांच्यासोबतच्या ‘लेले’ आणि ‘झेकिन्या’ या जोडप्याच्या संवादांनी त्यांचा आवाज रेडिओवरून घरोघरी पोहोचला. १३ जून १९५८ रोजी लिस्बनमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांचा मुलगा हेन्रिके सांताना हाही नट झाला.

या विनोदपटांचा बहर १९५० च्या आसपास ओसरला. मात्र दूरचित्रवाणीवरील पुनःप्रक्षेपणांमुळे सांताना पुढच्या पिढ्यांच्याही ओळखीचे राहिले. २०१५ मध्ये ‘ओ पातियो दास कांतिगास’ आणि २०१६ मध्ये ‘आ कांसांव दे लिस्बोआ’ यांच्या नव्या आवृत्त्या निघाल्या.