दळणाचा डबा ते मोबाइलचं बटण : घरी नसताना गेम अपडेट करण्याचा इतिहास

आजचा विषय कळल्यावर नेहमी येणाऱ्यांपैकी दोघा-तिघांनी आम्हाला फोन केले. आधी रेल्वे झाली, मग टपाल झालं, आणि आता एकदम पोराटोरांचे व्हिडिओ गेम? हा काय इतिहासाचा विषय आहे? (हशा) आम्ही म्हटलं, येऊन तर बसा. टपालाचा संबंधही येणार आहे, आणि तो २०१० सालातला आहे.

सुरुवात घरातल्याच गोष्टीने करू. आमचा भाचा नोकरीला मुंबईत, राहायला डोंबिवलीला. परवा तो सीएसएमटीला लोकलमध्ये चढला आणि उभ्या उभ्या मोबाइलवर काहीतरी दाबलं. विचारलं तर म्हणाला, मामा, घरचा गेम अपडेटला लावला. ४० जीबीचं अपडेट होतं. घरी १०० एमबीपीएसची जोडणी असेल तर एवढा माल उतरायला पाऊण ते एक तास लागतो, म्हणजे साधारण तेवढाच प्रवास. घरी कोणी नाही, टीव्ही बंद, यंत्र झोपलेलं. हा डोंबिवलीला पोचेस्तोवर गेम तयार.

याला आज कोणी चमत्कार म्हणत नाही. पण या एका बटणामागे चाळीस वर्षांची खटपट आहे, आणि तिच्यात एक प्रश्न सतत डोकावतो: घरात ठेवलेलं यंत्र आपल्या मालकीचं, पण त्याच्या आत काय असावं हे ठरवणारा कोण?

आपल्यापैकी चाळिशीच्या आसपास जे आहेत त्यांना ‘कॅसेट’ आठवत असेल. नव्वदच्या दशकात आपल्याकडे घरोघरी जी गेमची यंत्रं होती, ती बहुतेक निन्टेन्डोच्या फॅमिकॉमच्या नकला होत्या. अस्सल फॅमिकॉम जपानात १९८३ साली आलं. त्या कॅसेटमध्ये टेप वगैरे काही नसायची. आत एक चिप, आणि गेम कारखान्यातच तिच्यावर कायमचा कोरलेला. ताम्रपटासारखं म्हणा ना. चूक राहिली तर ती चूकही ताम्रपटावर. कंपनीला दुरुस्ती करायचीच असेल, तर पुढची खेप नव्या चिपवर काढायची. आधी विकलेल्या प्रती तशाच राहायच्या. १९९८ च्या ‘झेल्डा : ऑकरिना ऑफ टाइम’ या गेमच्या अशा तीन आवृत्त्या निघाल्या. पहिल्या दोन्हींत खलनायकाचं रक्त लाल आहे, तिसरीत हिरवं. गेम झटपट संपवण्याची शर्यत लावणारे खेळाडू आजही कुठली कॅसेट कितव्या आवृत्तीची हे बघतात. म्हणजे मुद्रित पुस्तकांच्या अभ्यासकांसारखेच, बरं का.

पण गेम बदलता यावा, ही इच्छा फार जुनी. अमेरिकेत १९८३ मध्येच ‘गेमलाइन’ नावाची सेवा टेलिफोनच्या तारेतून अटारीच्या यंत्रावर गेम पाठवत होती. ती लवकरच बुडाली, पण त्यातल्याच मंडळींनी पुढे जी कंपनी काढली तिचं नाव नंतर एओएल झालं. ज्यांनी इंटरनेटचे पहिले दिवस पाहिलेत त्यांना हे नाव चांगलं ठाऊक आहे.

आम्हाला सगळ्यात आवडतो तो जपानमधला १९८६ चा प्रकार. निन्टेन्डोने फॅमिकॉमला डिस्क जोडायची सोय केली आणि दुकानादुकानांत एक यंत्र ठेवलं. जुन्या गेमचा कंटाळा आला की आपली डिस्क घेऊन दुकानात जायचं, ५०० येन द्यायचे, आणि दुकानदार तिच्यावर नवा गेम लिहून देणार. नव्या कॅसेटला याच्या कितीतरी पट पैसे पडत. आपण डबा घेऊन गिरणीत जातो आणि दळण आणतो, हुबेहूब तेच. आपला डबा, त्यांचं जातं. डिस्कवर गेम लिहून देण्याची ही सेवा निन्टेन्डोने २००३ पर्यंत चालू ठेवली, हे फार लोकांना माहीत नसतं.

मग माल घरपोच पाठवण्याचे प्रयोग झाले. अमेरिकेत १९९४ च्या अखेरीस ‘सेगा चॅनल’ आलं, तिथे केबल टीव्हीच्या तारेतून गेम यायचे, पण यंत्र बंद केलं की सगळं पुसलं जायचं. जपानात १९९५ मध्ये निन्टेन्डोने ‘सॅटेलाव्ह्यू’ काढलं, ते उपग्रहावरून. रेडिओवर नभोनाट्य ठरल्या वेळी लागतं, तसा गेम ठरल्या वेळी लागायचा. या दोन्हींत नवे गेम येत, पण घरात आधीपासून असलेला गेम दुरुस्त करणं ही कल्पना अजून मूळ धरत नव्हती. कारण अगदी साधं होतं, घरच्या यंत्रात माल साठवायला जागाच नव्हती.

ती जागा आली २००१ मध्ये. मायक्रोसॉफ्टच्या पहिल्या एक्सबॉक्समध्ये ८ जीबीची हार्ड डिस्क होती आणि इंटरनेटची तार लावायला खोबण होती. पुढच्या वर्षी नोव्हेंबरात एक्सबॉक्स लाइव्ह सुरू झालं, तेही फक्त ब्रॉडबँडवर. इथून खऱ्या अर्थाने ‘पॅच’ म्हणजे ठिगळ हा शब्द दिवाणखान्यातल्या गेमला लागला. संगणकावर ठिगळं लावायची सवय लोकांना आधीच होती. टीव्हीसमोर बसणाऱ्याला ती आता लागली.

इथे थोडं थांबायला हवं, कारण पुढचे किस्से आम्हाला या सगळ्या इतिहासाचा गाभा वाटतात.

२००६ मध्ये निन्टेन्डोचं ‘वी’ आलं. त्यात ‘वीकनेक्ट२४’ नावाची सोय होती. यंत्र बंद केलं तरी पूर्ण झोपायचं नाही, रात्री इंटरनेटवरून निरोप आणि माहिती घेत राहायचं, आणि काही आलं की डिस्क घालायच्या फटीतून निळा उजेड लुकलुकायचा. आज मोबाइलवरून आपण ज्याला जागं करतो त्या झोपाळू यंत्राचे हे आजोबा. पण गंमत बघा, या यंत्रावर डिस्कवरच्या गेमला ठिगळ लावायची सोयच नव्हती! म्हणजे पोस्टमन रोज दारात येतोय, पण औषध आणायला त्याला परवानगी नाही.

परिणाम काय झाला? ‘झेल्डा : ट्वायलाइट प्रिन्सेस’मध्ये एका विशिष्ट खोलीत गेम जतन करून बंद केला, की खेळाडू तिथेच अडकायचा. उपाय म्हणून अमेरिकेतल्या निन्टेन्डोने डिस्क बदलून देऊ केली. मग २०१० मध्ये ‘मेट्रॉइड : अदर एम’ आला. त्यातला एक दरवाजा काही परिस्थितीत उघडायचाच नाही. कंपनीने खेळाडूंना सांगितलं, तुमचा जतन केलेला खेळ एसडी कार्डावर घाला आणि आम्हाला टपालाने पाठवा, आम्ही दुरुस्त करून परत पाठवतो. (हशा) हसू नका, फोनवर आम्हाला विचारलं होतंत ना, टपालाचा संबंध काय? इंटरनेटला जोडलेलं यंत्र घरात, आणि दुरुस्ती पोस्टाने! पुढच्याच वर्षी ‘स्कायवर्ड स्वोर्ड’मध्ये तशीच चूक निघाली. तेव्हा मात्र निन्टेन्डोने एक छोटा स्वतंत्र कार्यक्रम इंटरनेटवर ठेवला. तो उतरवून घ्यायचा, आणि तो तुमचा बिघडलेला जतन-खेळ नीट करायचा. रोग तसाच, पण रोग्याला घरपोच औषध.

त्याच काळात दुसरीकडे ठिगळांचा वेगळाच त्रास चालू होता. एक्सबॉक्स ३६० वर गेमला ठिगळ लावायचं तर निर्मात्याला मायक्रोसॉफ्टकडून तपासणी करून घ्यावी लागे, आणि पहिल्या खेपेनंतर त्याचे पैसे पडत. टिम शेफर या नावाजलेल्या निर्मात्याने २०१२ मध्ये हा खर्च ४०,००० डॉलर सांगितला. त्याच वर्षी कॅनडातल्या पॉलिट्रॉन या छोट्या चमूच्या ‘फेझ’ गेमवर बाका प्रसंग आला. त्यांनी एक ठिगळ दिलं, आणि त्याच ठिगळामुळे काही खेळाडूंचा जतन केलेला खेळ नासला. प्रमाण एक टक्क्याहून कमी होतं. चमूने हिशेब मांडला आणि तेच सदोष ठिगळ पुन्हा चालू केलं, कारण नवं परवडत नव्हतं. ज्यांचा खेळ गेला त्यांना वाईट वाटलं असणारच. पण आम्ही या चमूला दोष देत नाही, नियमच तसा होता. २०१३ मध्ये मायक्रोसॉफ्टने हे शुल्क काढून टाकलं. आज आपल्याकडे दर आठवड्याला अपडेट येतात, त्याचं एक मोठं कारण हा निर्णय आहे. अपडेटचा कंटाळा करणाऱ्यांनी तो लक्षात ठेवावा.

आता मोबाइलकडे वळू. घराबाहेरून यंत्राला काम सांगण्याची सुरुवात मोबाइलवर नाही, संगणकावर झाली. २००८ पासून एक्सबॉक्सच्या संकेतस्थळावर गेम घेऊन तो घरच्या यंत्राच्या रांगेत लावता येऊ लागला. पण खरा बदल नोव्हेंबर २०१३ चा. प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वन एकाच महिन्यात आले, दोन्हींना अर्धवट झोपेची अवस्था होती, आणि तोवर हातोहाती स्मार्टफोन आला होता. प्लेस्टेशनच्या ॲपवरून विकत घेतलेला गेम घरच्या यंत्रावर आपोआप उतरू लागला. २०२० च्या शरदात दोन्ही कंपन्यांनी आपली ॲप्स नव्याने केली. तिथून गेम उतरवणं सोपं झालं, आणि प्लेस्टेशन ५ वर तर जागा कमी पडली तर कुठला गेम काढायचा हेही ॲपवरूनच ठरवता येऊ लागलं. ही सोय किती गरजेची होती, ते ‘कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर’कडे पाहिलं की कळतं. अपडेट घेत घेत तो गेम २०० जीबीच्या आसपास गेला. प्लेस्टेशन ४ ची मूळ डिस्क ५०० जीबीची होती.

आत्ता पुढे बसलेल्या ताईंनी विचारलं, मोबाइल घरातल्या यंत्राशी बोलतो कसा? तर ताई, थेट बोलतच नाही. मोबाइल कंपनीच्या सर्व्हरला सांगतो, की अमुक खात्याच्या अमुक यंत्रावर हा गेम हवा. यंत्र झोपलेलं असलं तरी त्याचा इंटरनेटचा भाग जागा असतो, तो सर्व्हरकडे कान देऊन असतो. निरोप आला की यंत्र उठतं, जवळच्या सर्व्हरवरून माल उतरवतं आणि पुन्हा झोपतं. म्हणून तीन गोष्टी नीट असाव्या लागतात. दोन्हीकडे खातं एकच हवं, यंत्राच्या सेटिंगमध्ये झोपेतही इंटरनेट चालू ठेवायला परवानगी हवी, आणि वीज हवी. मुख्य बटण बंद करून बाहेर पडायची आपल्या घरची चांगली सवय इथे आड येते. भाच्याच्या घरी आमच्या ताईने नेमकं हेच दोनदा केलं. (हशा)

आणि ताईचं चुकलं असं आम्ही म्हणणार नाही. एक्सबॉक्स वनची ती अर्धी झोप दहा वॅटहून जास्त वीज खायची. १२ वॅट धरा, वर्षभर चालू ठेवा, शंभरहून जास्त युनिट होतात, तेही न खेळता. अमेरिकेतल्या एनआरडीसी या पर्यावरण संस्थेने २०१४ मध्येच यावर बोट ठेवलं होतं. २०२२ पासून एक्सबॉक्स पूर्ण बंद अवस्थेतही रात्री उठून अपडेट घेऊ लागलं, आणि २०२३ मध्ये तर जिथे माहिती मिळते तिथे विजेच्या जाळ्यात प्रदूषण कमी असेल ती वेळ निवडू लागलं. कंपनीच्या सांगण्याप्रमाणे ही अवस्था झोपेच्या अवस्थेपेक्षा वीस पट कमी वीज घेते. मात्र अशा वेळी मोबाइलवरून हाक मारली तर यंत्र उठत नाही. वीज वाचवा किंवा लोकलमधून बटण दाबा, दोन्ही एकदम नाही. एक्सबॉक्सची ही उठायची वेळ मध्यरात्री दोन ते सहा. आपल्याकडे एके काळी रात्री दोन ते सकाळी आठ इंटरनेट अमर्याद मिळायचं आणि लोक गजर लावून डाउनलोड सुरू करायला उठायचे. त्या पिढीला हे ऐकून बरं वाटेल.

शेवटचा भाग, आणि सुरुवातीचा प्रश्न. १ एप्रिल २०१० ला सोनीने प्लेस्टेशन ३ साठी ३.२१ क्रमांकाचं अपडेट दिलं. त्यात नवीन काही मिळण्याऐवजी एक गोष्ट काढून घेतली गेली. त्या यंत्रावर लिनक्स बसवायची मूळ सोय गेली. कारण सुरक्षेचं सांगितलं गेलं. अपडेट घेऊ नका असं म्हणायला मुभा होती, पण मग ऑनलाइन खेळणं बंद. अमेरिकेच्या हवाई दलाच्या संशोधन प्रयोगशाळेने तर सतराशेहून अधिक प्लेस्टेशन ३ जोडून महासंगणक उभारला होता. असे समूह चालवणाऱ्यांना बिघडलेल्या यंत्राच्या जागी नवं आणायचं, तर नव्यात ती सोय नाही. ग्राहकांनी खटला भरला, बऱ्याच वर्षांनी तडजोडीने पैसे मिळाले. पैसे फार नव्हते.

इतिहासाच्या अभ्यासकाला यात आणखी एक अडचण दिसते. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये दाखवून दिलं, की तिथे प्रसिद्ध झालेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात रीतसर मिळतच नाहीत. पण त्या जुन्या कॅसेटी निदान कुणाच्या तरी माळ्यावर आहेत, आणि त्यांतलं रक्त लाल की हिरवं हे आपण आजही पाहू शकतो. भाच्याने लोकलमधून बटण दाबलं तेव्हा त्याच्या गेमची परवाची आवृत्ती पुसली गेली. ती परत मागायला त्याच्या ॲपमध्ये बटण नाही. आम्ही शोधून पाहिलं.

बरं, आता मागच्या रांगेतले प्रश्न घेऊ.