माडगुळ्याच्या अण्णांचा शिणुमा

माझी आजी आटपाडीकडची. सिनेमाला ती शेवटपर्यंत ‘शिणुमा’च म्हणाली आणि गदिमांना, म्हणजे ग. दि. माडगूळकरांना, ‘आपल्या माडगुळ्याचं अण्णा’. तिने त्यांना जवळून कधी पाहिलं असेल, असं मला वाटत नाही. पण बोलायची अशी, की कालच ते आमच्या ओसरीवर हुलग्याचं माडगं पिऊन गेलेत.

गदिमांचं गाव माडगुळे असलं तरी जन्म १९१९ चा, शेटफळ्यातला. मॅट्रिकला गणिताने दगा दिला, घरी गरिबी, म्हणून पोटासाठी कोल्हापूर गाठलं. मास्टर विनायकांच्या ‘ब्रह्मचारी’त १९३८ साली बारीकसं काम मिळालं. म्हणजे तोंडाला रंग आधी लागला, पटकथेची लेखणी पुढे हाती आली. १९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’त कथा, संवाद आणि बरीच गाणी त्यांची, शिवाय पडद्यावर जयराम शिलेदार, हंसा वाडकर यांच्याबरोबर तेही होते. आजोबांनी तो तंबूत बसून पाहिला. विट्याच्या की आटपाडीच्या, यावरून आजी-आजोबांची कायम जुंपायची. आजी परातीत भाकरी थापता थापता थांबायची, पिठाचा हात वर करून ‘विटंच’ म्हणायची आणि तव्यावरची करपायची. खरं काय ते दोघांबरोबर गेलं.

गदिमांचे संवाद बोलणाऱ्याच्या तोंडात असे बसतात, त्याचं कारण मला त्यांच्या या नटपणात दिसतं. कॅमेऱ्यासमोर उभं राहून दुसऱ्याची वाक्यं ज्याने म्हटली, त्याला जीभ कुठे अडते ते कळतं. त्यात माणदेशचं बोलणं कानात मुरलेलं. दुष्काळी मुलखातली माणसं शब्दही पाण्यासारखे जपून वापरतात.

आजीचा खरा जीव मात्र ‘दो आँखें बारह हाथ’वर. त्याला कारण आटपाडीजवळचं स्वतंत्रपूर. औंध संस्थानाच्या काळात राजे पंतप्रतिनिधींनी मॉरिस फ्रीडमन या पोलिश इंजिनिअरच्या कल्पनेवरून तिथे कैद्यांची भिंतीविना वसाहत वसवली. कैद्यांनी शेती करायची, माणसासारखं राहायचं. आपल्या अंगणातली ही गोष्ट गदिमांनी पटकथेत आणली, दिग्दर्शक व्ही. शांतारामबापूंनी १९५७ साली ती पडद्यावर मांडली आणि स्वतः जेलर झाले. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, पुढल्या वर्षी बर्लिनलाही गौरव झाला. बर्लिन कुठे आहे ते आजीला ठाऊक नव्हतं. ती म्हणायची, लहानपणी बाजारात स्वतंत्रपूरच्या कैद्याकडनं वांगी घेतली होती. ‘मापात कदी खोट न्हाई’. यातलं किती तिचं आणि किती शिणुमातलं, कोण जाणे. त्यातले कैदीही भाजी विकतातच की.

हिंदी तिला फारशी कळत नव्हती. तरी तो शिणुमा बघताना पडद्यावरचं एकेक तोंड न्याहाळत ‘ह्यो व्हता बग बाजारात, ह्यो न्हवं’ असं तिचं मोठ्यानं चाललेलं. आजोबा सांगायचे, मागच्या माणसाने दोनदा गप बसायला सांगितलं, पण ही कुठली ऐकतेय!